ढीग परतायचा दिवस

माननीय अध्यक्षबाई, व्यासपीठावरचे सन्माननीय पाहुणे, आज पुरवठा कार्यालयातून निवृत्त होणारे आमचे साहेब, सोबत आलेल्या वहिनी, सहकारी मित्रमैत्रिणींनो आणि मागे दाटीवाटीने बसलेल्या शेतकरी-व्यापारी मंडळींनो,

आपण पिकवलेला माल आपणच राखून ठेवला, तर माणूस शहाणा कधी ठरतो आणि साठेबाज कधी? याचं उत्तर मला माहीत नाही. निरीक्षक म्हणून नोकरीला लागले की कळेल, असं वाटलं होतं.

साहेबांचं कौतुक करायला मला उभं केलंय, आणि ते मुळीच अवघड नाही. एखाद्या दिवशी त्यांच्या खिशात रुमाल नसेल, पण मोजपट्टी असतेच. वहिनी मघाशी म्हणाल्या, "घरात साखरेचा डबा काठोकाठ दिसला तरी विचारतात, एवढा साठा कशाला?" हसा, पण या माणसाने कुठल्याही गोदामात चहाचा घोटसुद्धा घेतलेला नाही, हे इथल्या व्यापाऱ्यांनाच विचारा.

साठ्याला मर्यादा घालणारा कायदा मला मनापासून पटतो. आमच्या घरातली मी पहिली पदवीधर. वडील गोदामात हमाली करायचे. कांदा महागला की आई भाजीत निम्माच घालायची, आणि तिकडे थप्प्या लावलेली पोती वडिलांनीच वाहिलेली असायची! त्या पोत्यांसाठी हा कायदा हवाच.

पण यंदा भाव चढले, मर्यादेचा आदेश निघाला आणि साहेब तपासणीला एका शेतकरी बाईंच्या शेडवर गेले. आसपास शेड तेवढी एकच, म्हणून शेजारचे शेतकरीही आपले कांदे तिथेच ठेवतात. मध्ये फळ्या उभ्या करून ज्याचा त्याचा ढीग वेगळा. मात्र साठवलेला कांदा अधूनमधून परतावा लागतो. सडका निवडायचा, खालचा वर आणायचा. त्या दिवशी फळ्या काढतात. साहेब नेमके त्याच दिवशी पोचले. एक शेड, एक मालकीण, एकच ढीग! मोजपट्टी लागली, माल व्यापाऱ्याच्या मर्यादेबाहेर गेला आणि दाराला सील बसलं.

मालकीणबाई कार्यालयात आल्या. "साहेब, ढीग परतत होतो हो!"

"बाई, ढिगावर कुणाचं नाव असतं का?"

"मग तुमच्या या खुर्च्यांवर तरी कुठे आहे? तरी ज्याची त्याला सापडतेच ना!" मग माझ्याकडे वळल्या. "पोरी, आत कांद्याला मोड येताहेत. माल बाजारात आणा म्हणता, आणि कुलूप तुम्हीच घालता?"



आदेश हातात आला की आधी व्याख्या वाच, हे मला साहेबांनीच शिकवलं. मी वाचली. मर्यादा विकत घेऊन विकणाऱ्याला होती. स्वतः पिकवलेल्या मालाला सूट होती. मग शेजाऱ्यांच्या शेतांवर गेले, विचारपूस केली. माल ज्याचा त्याचाच होता. हे साहेबांपुढे मांडलं. त्यांनी विचारलं,

"उद्या खरा साठेबाज अशाच शेडमध्ये पोती लपवील. तेव्हा काय करशील?"

"पकडीन, साहेब. पण त्याच्या भीतीने यांचा माल सडवणार नाही."

"हट्टी आहेस," ते म्हणाले. "माझ्या सहीचं सील माझ्याच हाताने काढायला लावू नकोस. कार्यभार घेतलास की तुला योग्य वाटेल ते कर."

साहेब, भर सभेत हे सांगितलं म्हणून रागावू नका. चुकलेला माणूस मोठा असू शकतो, हे मला तुमच्यामुळेच कळलं. निरोगी राहा, आणि वहिनींच्या साखरेच्या डब्याला आता सूट द्या.

बोलायची संधी दिलीत, शांतपणे ऐकून घेतलंत, त्याबद्दल सर्वांचे मनापासून आभार. भाषणाची सवय नाही. शब्द कमी-जास्त पडला असेल तर घरची पोर समजून पोटात घाला.

तात्पुरता कार्यभार आज सकाळी माझ्याकडे आला. सील काढण्याच्या आदेशावर कारणांसह सही करूनच मी या सभागृहात आले आहे. एव्हाना शेडची दारं उघडली असतील.