गुरुजींच्या ताटलीवरचा हात

पंगतीतला आग्रह म्हणजे काय, ते मला धुळ्यात नाही, जपानात कळलं. नव्वदच्या आसपास कंपनीनं मला आणि देवपूरच्या नानांना पंपांच्या ट्रेनिंगला तिकडं पाठवलं होतं. एका रविवारी आम्हाला सुशी करायला शिकवायला नेलं. नाना माळकरी, म्हणून त्यांनी भाताच्या गुंडाळीत माशाऐवजी काकडी घातली. छान जमली. पण स्वतः चाखायच्या आधी त्यांनी एक तुकडा शिकवणाऱ्या म्हाताऱ्या गुरुजींच्या ताटलीत वाढला.

गुरुजी वाकले आणि त्यांनी तो खाल्ला. नानांनी अहिराणीत आग्रह करत दुसरा वाढला. "ल्या गुरुजी, एकच शे." असे दहा झाले, तेव्हा गुरुजींना घाम फुटला.

दुभाषी बाई माझ्या कानात म्हणाल्या, "आमच्याकडे ताटलीत पडलेलं टाकत नाहीत. यांना थांबवा."

मी म्हणालो, "आमच्याकडे पाहुणा नको म्हणेपर्यंत थांबत नाहीत. गुरुजींना ताटलीवर हात आडवा धरायला सांगा."

गुरुजींनी लगेच दोन्ही हात ताटलीवर आडवे धरले. नानांचा चेहरा खुलला. बोटांच्या फटीतून त्यांनी अलगद आणखी एक तुकडा सरकवला आणि मला म्हणाले, "आता कुठं पाहुणा जेवायला लागला."