कोपरच्या शाळेतून काढलेली कादंबरी

अरे, माझ्या डॉक्युमेंट्रीमुळे खरंच एका पुस्तकावरची बंदी उठली, पण कशी ते ऐक. कोपरच्या एका शाळेने लायब्ररीतून कादंबरी काढलेली, का तर तिच्यातली मुलगी घरातून पळून जाते. मी पेटलो. विचारस्वातंत्र्यावर स्वतःच्याच भारदस्त आवाजात निवेदन केलं. नववीतली ओवी म्हात्रे मात्र कॅमेऱ्यासमोर म्हणाली, "सर, मी ते पुस्तक विकत आणून वाचलं. जाम बोअर आहे. पण ते मला ठरवू द्या ना."

मी तेवढं कापणार होतो. बायको म्हणाली, "बंदीविरुद्धच्या फिल्मला तूच कात्री लावणार?" मग ठेवलं.

शाळेत फिल्म दाखवली. माझं निवेदन चालू असताना मुख्याध्यापिका मोबाइल बघत होत्या. ओवी बोलली तेव्हा त्यांनी मान वर केली. नंतर मला म्हणाल्या, "इतकं कंटाळवाणं आहे होय? आम्ही कुणी वाचलेलं नाही हो. मग ठेवू परत. मुलं काही बिघडायची नाहीत."

पुस्तक परत आलं. मी मोठ्या रुबाबात ओवीला विचारलं, "आता खूश ना?"

ती म्हणाली, "सर, आता कुणी नेतच नाही. बंदी होती तेव्हा माझी प्रत अख्ख्या वर्गात फिरत होती."