हँडलवाल्याचा होकार

...आणि वर मित्र मलाच विचारतात, "तो तिला मागणी घालत होता, तेव्हा तुझ्या तोंडाला काय कुलूप लागलं होतं?" अहो, कुलूप कसलं, तोंडात आकडे होते! तुम्हाला सांगतो, मी कॅमेरावाला, आणि मुक्या सिनेमाच्या कॅमेऱ्याचं हँडल हातानं फिरवायचं. एक-दोन-तीन, एक-दोन-तीन... मोजत, एका लयीत! हात जरा मंदावला की पडद्यावर माणसं सुसाट सुटलीच समजा. म्हणून डायरेक्टरसाहेबांचा एकच धोशा, "आभाळ कोसळलं तरी हात थांबता कामा नये!"

त्या दिवशी प्रसंग कसला? बागेतला बाक, हिरोनं हिरॉईनला मागणी घालायची. आवाज कुठे येणार होता, बोला काय वाट्टेल ते! एरवी हा गडी डोळ्यांत प्रेम आणून म्हणायचा, "दाढ फार ठणकतेय गं." आणि त्या दिवशी? गुडघ्यावर बसून म्हणतो, "नाटक नाही, खरंच विचारतोय. माझ्याशी लग्न करशील?" खरंखरं! माझ्यादेखत! जिच्यासाठी मी सहा महिने रोज इस्त्रीचा शर्ट घालून मरत होतो, तिला! ती म्हणते, "उद्या सांगते." आणि मी? चार-पाच-सहा! हात थांबता कामा नये!

थांबला नाही हो... पण पार गळाठला. फिल्म धुऊन आली, सगळे बघायला बसलो, तर हिरोसाहेब टुणकन गुडघ्यावर, पटापटा तिच्या हाताचे मुके, मिशी नुसती थुईथुई! लोक पोट धरून लोळले. डायरेक्टर कडाडले, "उद्या पुन्हा घ्यायचं! आणि परत हात ढिला पडला, तर घरी बस!"

दुसऱ्या दिवशी तोच बाक. हिरो गुडघ्यावर. आणि ही बया त्याच्या खांद्यावरून थेट माझ्याकडे बघून म्हणते, "काय हो हँडलवाले, यानं माझा हात धरला की तुमचा का ढिला पडतो?"

"सात, आठ..."

"मला काही विचारायचंय का?"

"नऊ, दहा..."

"की याला हो म्हणू?"

"अकराऽऽ!" आणि मान? नाही, नाही, नाही! पंख्यासारखी!

"मग तुम्हालाच हो!"

हिरोचा चेहरा असा पडला म्हणता... आणि डायरेक्टर आनंदानं नाचतायत, "वाहवा! काय अभिनय! हात थांबता कामा नये!"

झालं लग्न. आता घरी शिवणयंत्र आहे, हाताच्या हँडलचं. ती कापड सरकवते, मी फिरवतो. काल म्हटलं, "अगं, जरा पाठ टेकू का?" तर सुईवरची नजर न काढता म्हणते, "अजून चार उशा राहिल्यात... हात थांबता कामा नये!"

मग काय करणार? एक-दोन-तीन...