वन्संसाठी वेगळी बाटली

(स्टुटगार्ट, २००७चा मे. चार-सहा जणांना घेऊन व्हिएतनामी खाणं खाऊ घालत फिरवणारी पायी सहल. क्षितिजा आणि सहल नेणाऱ्या फ्राऊ त्रान जर्मनमध्ये बोलतात. क्षितिजाची मोठी नणंद वासंती हिला ते कळत नाही.)

वासंती : …तरी मी शिरीषला म्हटलं होतं, राजवाडा दाखव, बाग दाखव. वाढदिवसाची भेट म्हणे! रस्त्यात उभं राहून खायचं वय आहे का माझं? आणि त्या बाईला विचार गं, मांसबिंस काही नाही ना त्यात?

त्रान : या तुमच्या नणंदबाई ना? तुमच्या मिस्टरांनी फोनवर सांगितलंय मला. रोलमध्ये फक्त मश्रूम, गाजर आणि शेवया आहेत. वाटीतलं मात्र मासळीच्या सॉसचं. आमचं मीठच ते. म्हणून यांच्यासाठी घरून सोयाची वेगळी बाटली आणलीय.

क्षितिजा : बाटली लागणार नाही. मासे खातात त्या. मांस तेवढं नको.

त्रान : नक्की? तुमचे मिस्टर तर म्हणाले, मासेसुद्धा नाहीत.

क्षितिजा : अहो, भावाला बहिणीचं काय माहीत असतं, फ्राऊ त्रान? घरात मी असते ना त्यांच्याबरोबर.

त्रान : मग बरंय. सॉसशिवाय मजा नाही.

वासंती : एवढं काय बोलत होती?

क्षितिजा : आत भाज्याच आहेत म्हणाली. खा बिनधास्त.

वासंती : आणि हे वाटीतलं पाणी?

क्षितिजा : लिंबू, साखर, लसूण, मिरची. आणि त्यांचं ते खारं पाणी असतं एक. बुडवून खायचं.

वासंती : वास जरा उग्र येतोय.

क्षितिजा : लसणीचा असेल.

वासंती : अं… अगं, चांगलं लागतंय की! आंबटगोड. कुरकुरीत आहे हो. त्या जर्मन आजोबांनी बघ, तीन उचलले. आपल्या वाटणीचा एक ठेव बाजूला. तू घेतलाच नाहीस.

क्षितिजा : तुम्ही घ्या, वन्सं.

वासंती : नको, तुझ्यासाठी ठेवलाय मी. सकाळपासून धावपळ तुझी. खा.

क्षितिजा : …वन्सं, जरा थांबा. हे सॉस…

वासंती : काय?

क्षितिजा : नाही म्हणजे, तिखट आहे.

वासंती : तिखटाचं काय नाही मला. एवढंच की परक्या ठिकाणी विचारून खावं माणसानं. तुझ्या आईला चालायचं काहीही, कुठलंही. तुमच्या त्या समुद्राकाठी कुणी विचारत नसेल. आमचं तसं नाही ना.

क्षितिजा : खरंय. तुमचं तसं नाही. आणखी घ्या सॉस. सगळं संपवायचं असतं ते.

त्रान : चला, आता थोडं चढायचंय. पायऱ्या आहेत. आजींना जमेल ना?

क्षितिजा : जमेल. खूप दम आहे त्यांच्यात.

वासंती : हे कसलं बाई गाव! इकडून चढा, तिकडून उतरा. आणि तुझी ती मुलगी, ईप्सिता, मराठीत काही विचारलं की जर्मनमध्ये उत्तर देते. तरी मी बोलते का काही? आल्या दिवशी तुझी सगळी भांडी पुन्हा घासून घेतली मी, बोलले का? एका शब्दाने नाही.

क्षितिजा : मी बघितलं, वन्सं.

वासंती : मग? दुसरी कुणी असती तर चार गोष्टी सुनावल्या असत्या.

त्रान : बसा इथे. हे माझ्या भावजयीचं दुकान. आता बान सेओ. तांदळाचं पीठ, हळद, नारळाचं दूध. आत डुकराचं मांस घालतात, पण मांस नको म्हणालात म्हणून मी साधंच करायला सांगितलं, नुसते मोड आलेले मूग. सॉस तेच.

वासंती : अगंबाई, हे तर घावन!

क्षितिजा : हो ना.

वासंती : किती हलकं झालंय! पुण्यात कुणी केलं नाही असं कधी.

क्षितिजा : आलं होतं एकदा. तुमच्या दारापर्यंत.

वासंती : माझ्या? कोण आणणार?

क्षितिजा : जाऊ दे. बुडवून खा, कोरडं लागेल.

त्रान : तुम्ही काहीच खात नाही. आवडत नाही का?

क्षितिजा : आवडतं. मालवणची आहे मी, मासळीवर वाढलेली. लग्न झाल्यापासून सोडावं लागलं. आज मला नुसतं बघायचंय.

त्रान : काय बघायचंय?

क्षितिजा : या बाईंना खाताना. सांगू? माझ्या डोहाळजेवणाला माझी आई गावाहून असंच घावन आणि नारळाचा रस घेऊन आली होती. यांच्याकडे मासे चालत नाहीत म्हणून नवा तवा घेतला, नवं पातेलं घेतलं, डबासुद्धा नवा. रात्रभर एसटीत डबा मांडीवर धरून आली. आणि यांनी सगळ्या बायकांसमोर तो उघडलाही नाही. ‘त्यांच्या हाताला वास असतो,’ म्हणाल्या. मोलकरणीला हाक मारली आणि डबा देऊन टाकला.

त्रान : आणि आई?

क्षितिजा : तिला बाल्कनीत वाढलं, कागदाच्या ताटलीत. बाकीच्यांना चांदीची ताटं. आई हसत हसत जेवली. मला लांबून हाताने खुणावत होती, तू खा, तू खा. त्यानंतर त्या घराची पायरी चढली नाही ती. नातीला बघायलासुद्धा आली नाही. आता नाहीच ती.

त्रान : माझी सासू मला उरलेला भात द्यायची. थंड. कळतं मला.

वासंती : काय एवढं सांगतेयस तिला? आणि चेहरा का असा केलायस?

क्षितिजा : रेसिपी विचारत होते.

वासंती : घे लिहून. शिरीषला करून घाल. ए, ते उरलेलं सॉस दे इकडे.

त्रान : आवडलं त्यांना! हे आलं तिसरं ठिकाण, कोपऱ्यावरच. गार शेवया, कच्ची पपई, शेंगदाण्याचा कूट. हे माझ्या आईचं. मी स्वतः कालवून देते.

वासंती : या शेवयाही छान लागतायत. आणि हा शेंगदाण्याचा कूट ना? मग तर आपलीच माणसं म्हणायची ही. थांब, या बाईंना मीच सांगते. मॅडम! व्हेरी टेस्टी! थँक यू! आय अ‍ॅम प्युअर व्हेज. नो एग, नो फिश, होल लाइफ! यू टेक सो मच केअर!

त्रान : …काय म्हणाल्या त्या?

क्षितिजा : आभार मानले तुमचे.

त्रान : ‘नो फिश’ म्हणाल्या. एवढं इंग्लिश मला येतं.

क्षितिजा : हो. म्हणाल्या.

त्रान : मी तुम्हाला विचारलं होतं. तुम्ही म्हणालात, खातात.

क्षितिजा : खोटं सांगितलं.

त्रान : माझ्या हाताने वाढायला लावलंत तुम्ही! माझ्याकडे आजवर कुणी फसून खाल्लेलं नाही. तुमच्या आईचं ऐकून माझ्या पोटात तुटलं, पण म्हणून माझ्या आईचं खाणं तुम्ही म्हातारीवर दगडासारखं मारायचं? आत्ता सांगा त्यांना. नाहीतर मी सांगते. माझ्याजवळ फिश हा शब्द आहे, तेवढा पुरेल.

क्षितिजा : मीच सांगणार होते. तेवढ्यासाठीच तर आणलं त्यांना.

वासंती : काय झालं गं? चिडली का ती? मी काही चुकीचं बोलले का इंग्लिशमध्ये?

क्षितिजा : वन्सं, त्या सॉसमध्ये मासे आहेत.

वासंती : कुठल्या?

क्षितिजा : सगळ्याच. मिठात मासे मुरवतात आणि त्याचं सुटलेलं पाणी गाळून घेतात. रोलबरोबर तेच होतं, घावनाबरोबर तेच, आणि आत्ता या शेवयांतही तेच कालवलंय. या बाईंनी तुमच्यासाठी वेगळी बाटली आणली होती. मी नको म्हटलं.

वासंती : थट्टा करतेयस.

क्षितिजा : मी तुमच्याशी कधी थट्टा केलीय?

वासंती : …पाणी दे. पाणी दे गं मला. देवा रे! का पण? काय वाकडं केलं मी तुझं? भांडी घासली म्हणून?

क्षितिजा : माझ्या आईच्या डब्यासाठी.

वासंती : कुठला डबा?

क्षितिजा : माझ्या डोहाळजेवणाला तिने आणलेला. तुम्ही मोलकरणीला देऊन टाकलात तो.

वासंती : दिला असेन. घरात किती बायका, किती डबे. कुठला काय, आत्ता आठवणार आहे मला?

क्षितिजा : तिला बाल्कनीत बसवलंत.

वासंती : बाल्कनीत? कुणाला? अगं, जागा नसेल आत.

क्षितिजा : आठवत नाही तुम्हाला?

वासंती : नाही गं. आईची शपथ, नाही आठवत.

क्षितिजा : मला वाटलं होतं, तुम्ही भांडाल. म्हणाल, केलं ते बरोबरच केलं, पुन्हा करीन. त्याचं उत्तर तयार होतं माझ्याकडे. इतकी वर्षं ते घोकत बसले मी. भाजी चिरताना, ट्रेनमध्ये, आईच्या दहाव्याला. आणि तुम्हाला आठवतसुद्धा नाही!

वासंती : क्षितिजा, हळू बोल. ती माणसं बघतायत… शिरीषला सांगू नकोस हं हे.

क्षितिजा : का?

वासंती : का काय? गौरी माझ्याकडे असतात. नैवेद्याचा स्वयंपाक मी करते, सोवळ्यात. घरी कळलं तर माझ्या सुना, मीनल आणि ती धाकटी, टपूनच बसल्यात. ओट्याला हात लावू देणार नाहीत मला. बाहेर बसवतील.

क्षितिजा : हो. बाहेर बसवतील.

वासंती : हसतील गं मला.

क्षितिजा : हसतील. कागदाच्या ताटलीत वाढतील आणि आतून बघतील.

वासंती : पाया पडू का तुझ्या? तुझ्या आईच्या जागी आहे मी.

क्षितिजा : तिच्या जागी तुम्ही नाही आहात. ते बोलू नका.

त्रान : सांगितलंत? बरं. हे पाणी द्या त्यांना. आणि शेवटच्या ठिकाणी गोड आहे, केळं आणि नारळ, त्यात काही नाही. तिथे यांना मी वाढेन. तुम्ही मध्ये एक शब्द बोलायचा नाही.

क्षितिजा : नाही बोलणार.

वासंती : काय म्हणाली? तिला सांग, कुणाला सांगू नको म्हणावं. आणि तू… तू सांगणार नाहीस ना?

क्षितिजा : एक गोष्ट सांगा मला, वन्सं. मग नाही सांगणार. कुणालाच नाही, कधीच नाही.

वासंती : विचार ना. काहीही विचार.

क्षितिजा : माझ्या आईचं नाव काय होतं?

वासंती : …अगं, नाव… आम्ही क्षितिजाची आई म्हणायचो ना. मालवणच्या बाई म्हणायचो.

क्षितिजा : नाव.

वासंती : थांब. लग्नपत्रिकेत होतं. स… सुमन?

क्षितिजा : नाही.

वासंती : मालती? इंदू? अगं, एक अक्षर तरी सांग.

त्रान : बाकीचे पुढे गेले. निघायचं का? फार पायऱ्या आहेत.

क्षितिजा : उठा, वन्सं. माझा हात धरा. चढता चढता आठवा.