डावी दांडी

—न्हाई, थांबा, आधी मला सांगा, ह्यांचाच अंगठा कशाला पायजे? विमान कॉम्प्युटरच्या खेळातलं, रिमोट तुमच्या हातात, वायर तुमीच जोडली — मग दांड्या बी तुमीच फिरवा की! दोन्ही दांड्या पार कोपऱ्यापर्यंत फिरवल्या की कॉम्प्युटरला अंदाज येतो म्हनं. येऊ द्या. हे कामावरनं आले की उजवी फिरवतील, डावी न्हाई. डावा अंगठा प्रेस मशीनमधी घावला, तवापासनं वाकत न्हाई. डाक्टरनं लिहून दिलंय, म्हनून तर कंपनीनं गेटवर बसवलंय ह्यांना. आन तुमी दारात पाय ठेवल्या ठेवल्या इचारता, मामा कुठल्या हातानं चालवतात? कशाला इचारावं मानसानं?

राग मानू नका, पन तोंड पोळलंय आमचं, आता ताक बी फुंकून पितो. मागल्या महिन्यात एक आलता, मिक्सर दुरुस्तीवाला म्हनं — घरात मिक्सरच न्हाई! तरी बसला, पानी पिला, आन ह्यांच्या हातात लोनच्याची बरनी देतो, काका, झाकन उघडता का जरा? आता लोनच्याशी काय काम रं तुझं? कंपनीबिगर कुनी धाडला आसंल? तुमचे बी बूट लई चकचकीत, मी आल्या आल्या बघून ठेवलेत. श्रीमंतानं पाठवलं म्हनता — भाचा हाय ह्यांचा, पुन्याला असतो, हे जुनं कॉम्प्युटरचं डबडं आन रिमोट त्यानंच दिलं, मामा, बोटांना चाळा हुईल म्हनून — पन एवढं तर गल्लीत कुनी बी सांगंल. श्रीमंताच्या आईचं नाव सांगा बरं. …केशरबाई. व्हय. आन तिच्या हातचं काय खाल्लंय कधी? …शेंगोळे? लसूण जास्ती घालती ना? बास. मग घरचेच की तुमी.

बसा, बसा, चुकलं माझं. आता खरं सांगते, ते विमान बिघडलंय — कुनी हात न लावता नाक खाली घालतं आन धाडदिशी आपटतं. परवा ह्यांनी डावी दांडी अंगठ्यानं अशी मागं ओढून धरली, तवा कुठं रानावरनं नीट— …काय बघता? व्हय, डाव्याच अंगठ्यानं. वाकाया लागलाय हळूहळू. त्या दिवशी लेकरावानी रडले हे. मला आनंद झाला, आन लगेच भ्या वाटलं — अंगठा चालतो कळलं की पुन्यांदा त्याच मशीनवर उभं करतील. आन मशीन हाय तसंच हाय, कुनी दुरुस्त केलं न्हाई. एक डाव अंगठ्यावर भागलं, पुढच्या डावाला पंजा जाईल. म्हनून मी म्हनलं, घरात काय उडवायचं ते उडवा, गेटवर मातर बोट ताठ ठेवा. हे कुठं बोलू नका हां. तुमी श्रीमंताचे दोस्त, म्हनून बोलले.

चहा टाकते. हे येतीलच आता, मग लावून द्या सगळं नीट, लई जीव लागलाय त्यात ह्यांचा. तुमी काय करता भाऊ, कॉम्प्युटरचंच काम? …हापिसात? कुठं, पुन्याला? …हितंच, नागापूरला? आगं बाई, जवळच की! कंच्या कंपनीत?

…

ह्यांच्याच कंपनीत. वायर काढा ती.

चहा न्हाई, पावडर संपली. हे यायच्या आत निघा तुमी.