लेमॉन्टला गिअरची गाडी येते

सन्माननीय अध्यक्षा डॉ. एलीनॉर फिस्क, व्यासपीठावर टाय सारखा करत बसलेले कोच मर्ल हॉफमन, आजचा सत्कारमूर्ती लेमॉन्ट पिटमन, सेंट लुइसहून दोन बस बदलून आलेल्या त्याच्या मातोश्री मिसेस पिटमन, कॉलेजचे प्राध्यापक, विद्यार्थी, आणि ज्यांचं सगळं लक्ष मागच्या टेबलावरच्या हॅमच्या खिम्याच्या गोळ्यांकडे लागलंय ते माझे वेल्डनकर बंधुभगिनी!

मी व्हर्ना डायकस्ट्रा. गेली एकोणीस वर्षं कॉलेजच्या बास्केटबॉल संघाची बस चालवते. मला बोलायची सवय आहे, पण आरशात बघून. तेव्हा मध्येच कुणाला "खाली बस रे" म्हटलं तर राग मानू नका.

कोचनी मघाशी आकडे सांगितले. चार वर्षांत अठराशे बेचाळीस गुण, नऊशेच्या वर रिबाउंड. खरंच आहे ते. पण हेच कोच पहिल्या वर्षी काय म्हणत होते, सांगू? "व्हर्ना, देवाने पोराला सहा फूट नऊ इंच उंची दिली, पण ती वापरायची कशी ते सांगायला विसरला." पहिले तीन महिने लेमॉन्टचा कॉलेजला उपयोग एकच, जिमच्या वरच्या खिडक्या पुसायला शिडी लागत नव्हती. हसताय काय कोच? तुम्हीच जुंपलं होतंत त्याला.

बसमध्ये त्याचे पाय कुठेच मावत नसत, म्हणून माझ्यामागची पहिली सीट त्याची. त्या जानेवारीत आम्ही एका गुणाने हरलो. शेवटचे दोन्ही फ्री थ्रो यानेच घालवले होते. परतीच्या बसमध्ये हा खिडकीकडे तोंड करून बसलेला. मी म्हटलं, "रडायचंय का?"

"नाही."

"मग नाक कशाला ओढतोस? कागदी रुमाल तुझ्या बाजूच्या कप्प्यात आहेत."

वीसेक मैलांनी मागून आवाज आला, "मिस व्हर्ना, रुमाल संपले." तिथून आमची गट्टी जमली. आणि यंदा फेब्रुवारीत, अंतिम सामना संपायला चार सेकंद उरलेले असताना, तसेच दोन फ्री थ्रो पुन्हा याच्याच वाट्याला आले. दोन्ही आत! आमच्या यजमानांनी, बर्नींनी, अशी उडी मारली की परत बसले तेव्हा खुर्ची जागेवर नव्हती. अजून कंबर धरून चालतात. बर्नी, मान हलवू नका, सगळ्यांनी पाहिलंय.

आता मुद्द्यावर येते. लेमॉन्टकडे गाडी नव्हती. शहरातलं पोर, तिकडे बसने फिरलेलं. आपल्याकडे दूध आणायचं तरी गाडी लागते. मग चार वर्षं त्याला नेलं कुणी? तुम्हीच. दाढ दुखली तर दाताचे डॉक्टर स्वतः घ्यायला आले आणि दाढ काढून परत सोडून गेले. रविवारी चर्चला न्यायला तीन-तीन गाड्या होस्टेलच्या दारात. भांडणं व्हायची हो! "मागच्या रविवारी तुमच्याकडे होता, आज आमचा नंबर." असे लाड आपण पोटच्या पोरांचे तरी केले का?

एप्रिलमध्ये एजंटचा फोन आला. पोर्तुगालमधला एका डोंगरातल्या गावचा क्लब. राहायला घर, बरा पगार, आणि आठवड्यातून तीन संध्याकाळी आसपासच्या गावांत जाऊन मुलांना खेळ शिकवायचा. त्यासाठी क्लब छोटी गाडी देणार, गिअरची, आपल्याकडच्यासारखी ऑटोमॅटिक नाही. आधीच्या अमेरिकन खेळाडूने एका हंगामात दोन क्लच जाळले होते म्हणे, त्यामुळे ते लोक दुधाने तोंड पोळल्यासारखे झालेले. त्यांनी अट घातली की परवानाधारक धंदेवाईक ड्रायव्हरने लिहून द्यावं, या खेळाडूला गिअरची गाडी येते, चढावरसुद्धा. पत्र वीस मेपर्यंत पोचलं पाहिजे, नाहीतर करार यादीतल्या पुढच्या नावाला.

आमच्या या सज्जनाने फोनवर ठोकून दिलं, "येते की!" आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बसच्या शेडमध्ये हजर. "मिस व्हर्ना, एक विचारू? क्लच म्हणजे नक्की काय असतं?"

मी कपाळाला हात लावला.

बर्नींचा जुना पिकअप काढला. त्यात लेमॉन्ट बसला म्हणजे गुडघे कानाला लागले. पहिल्या दिवशी गाडी एकवीस वेळा बंद पडली. मी ओरडायची, "अरे, क्लच सोड म्हटलं, फेकून दे नाही म्हटलं!" तो म्हणायचा, "मिस व्हर्ना, कोचसुद्धा असं ओरडत नाहीत." मी म्हणायची, "कोचचा पिकअप नाहीये तो!"

आठवड्याभरात गाडी सरळ पळायला लागली. पण चढ आणायचा कुठून? या सपाट आयोवात जन्म काढलेल्या माणसाला तुम्ही चढ विचारताय! आपल्या गावात चढ एकच, धान्याच्या कोठाराचा, जिथे मक्याचे ट्रक चढतात. तिथे गेलो, तर अर्धं गाव कॉफीचे कप घेऊन बघायला. मका घेऊन आलेला हर्ब ओरडतोय, "पोरा, मागे माझा ट्रक आहे, नवा आहे!" दुसरा म्हणतोय, "याच्यापेक्षा बास्केटबॉल बरा!" लेमॉन्ट घामाने निथळलेला, पण पुन्हा गिअर टाकायचा. रोज सकाळी यायचा.

बारा मेला त्याने गाडी चढावर मधोमध थांबवली. हँडब्रेक ओढला, मग क्लच हळूच सोडता सोडता ब्रेक उतरवला, आणि गाडी पुढे निघाली. बोटभरसुद्धा मागे सरकली नाही. पुन्हा केलं, तेच. तिसऱ्यांदा केलं, तेच. हर्बने टोपी उडवली. लेमॉन्टने माझ्याकडे बघितलं. "जमलं ना?"

आणि मी म्हटलं, "अजून नाही. पत्र इतक्यात देता येणार नाही."

का म्हटलं? खाई त्याला खवखवे, म्हणून आज सांगते. कोचकडे मदतनिसाची जागा रिकामी आहे, हे मला ठाऊक होतं. पोर्तुगालचं फिसकटलं तर ती लेमॉन्टला मिळणार, हेही ठाऊक होतं. म्हणजे पुढच्या हिवाळ्यात तो परत माझ्यामागच्या सीटवर. माझी स्वतःची दोघं पोरं फिनिक्सला, नाताळला फोन करतात. मला हा हवा होता. झालं!

सहा दिवस तो बिचारा त्याच चढावर जे येतंय तेच घोटत राहिला. "माझं काय चुकतंय?" विचारायचा. मी काहीतरी थातुरमातुर सांगायची. अठरा तारखेला मिसेस पिटमनचा फोन आला. त्या चिडल्या नाहीत. इतकंच म्हणाल्या, "मिसेस डायकस्ट्रा, माझा मुलगा म्हणतो, तुमच्यासारखं शिकवणारं कुणी नाही. तो कुठे कमी पडतोय ते मला सांगा, मी त्याला समजावते. त्याने फार कष्ट केलेत हो."

 "उद्या सांगते" म्हणून फोन ठेवला आणि सकाळी उठून पत्र लिहिलं. बर्नींनी ते कॉम्प्युटरवरून पाठवलं. मुदतीला एक दिवस बाकी होता. दुपारपर्यंत क्लबचं उत्तर आलं, या. पण ते उत्तर यायच्या आधीचे चार तास मी काय भोगलं ते मलाच माहीत. त्यांनी तोवर दुसऱ्या कुणाला घेतलं असतं तर या पोराला तोंड दाखवायला मला जागा उरली नसती. तुम्ही सगळे मला शाबासकी देत होता, "व्हर्ना, काय शिकवलंस!" मी मुकाट्याने घेत होते.

अध्यक्षा महोदया, दिलेल्या वेळेपेक्षा जास्त बोलले, गोळे गार झाले. तुम्ही सर्वांनी शांतपणे ऐकून घेतलंत, कॉलेजने मला या माईकसमोर उभं केलं, त्याबद्दल मनापासून आभार. बोलण्यात काही उणंअधिक झालं असेल, कुणाचं नाव राहिलं असेल, कोचना आणि बर्नींना जास्तच छळलं असेल, तर सभेने ते पोटात घालावं.

एका गोष्टीची माफी मात्र सभेकडे मागून चालणार नाही. मिसेस पिटमन, तुमचा मुलगा कुठेही कमी पडला नव्हता. लेमॉन्ट, बाळा, बारा तारखेला, पहिल्याच खेपेला तू पास झाला होतास. मलाच तुला सोडवत नव्हतं. मला माफ कर, आणि जा.