पदपथालगत

भोईवाड्याच्या कोर्टात अक्षदा आपल्या पुकाऱ्याची वाट बघत बसली होती. बाकावर शेजारी एक म्हातारी आणि तिचा वकील बोलत होते.

"मावशी, तुमच्या जबाबात लिहिलंय, गाडीने काकांना पदपथालगत उडवलं."

"पदपथालगत म्हणजे?"

"फुटपाथला लागून. खाली, रस्त्यावर."

"खाली नाय हो. वर बसले होते, दुकानाच्या पायरीला टेकून."

"सही तुमची आहे. समोरचा वकील तेच धरणार."

"पोलीस वाचून दाखवत होते, तेव्हा मी ह्यांच्या तोंडावरची चादर सारखी करत होते."

"ते विचारतील, तेव्हाच फुटपाथ का नाही म्हणालात?"

"तेव्हाही मी फुटपाथच म्हणाले होते."

म्हातारीचा पुकारा झाला. अक्षदाने पाय आत घेऊन तिला वाट दिली.